अनध्यायाचा वारा

मोठा वारा सुटला म्हणजे वेदाध्ययन थांबवावें, असा आपल्याकडे फार जुना नियम आहे. मनुस्मृतीच्या चौथ्या अध्यायांत अनध्यायाचीं जीं निमित्तें दिलीं आहेत, त्यांत पावसाळ्यांतील रात्रीं कानांस ऐकूं येईल असा वारा व दिवसा धूळ गोळा करीत फिरणारा वारा, हीं दोन्ही येतात. लहानपणीं आमच्या गांवच्या पाठशाळेंत हा एक नियम सर्व विद्यार्थ्यांना मुखोद्गत होता. इतर नियमांविषयीं तितकें सांगतां येणार नाहीं. ज्येष्ठाच्या आरंभीं समोरच्या आमराईंत पाला सळसळूं लागला कीं आमचे डोळे पोथीवरून निघून गुरुजींच्या तोंडाकडे लागत. गुरुजी पाटावरून उठून दाराशीं जात, एकदां आकाशाकडे आणि एकदां अंगणांतल्या धुळीकडे पाहात, व ‘अनध्याय’ एवढा एकच शब्द उच्चारून माजघरांत निघून जात. नियमाचें कारण विचारण्याची आमची छाती नव्हती. आणि खरें सांगावयाचें तर इच्छाही नव्हती. सुटी मिळाल्यावर कारण कोण विचारतो?

एका मुलानें मात्र तें विचारलें होतें. तो मुलगा म्हणजे व्यासपुत्र शुक, आणि त्यानें विचारलें तें प्रत्यक्ष आपल्या बापाला. शांतिपर्वाच्या मोक्षधर्म प्रकरणांत भीष्म युधिष्ठिराला शुकाची समग्र कथा सांगतात, तींत हा प्रसंग आहे. शुक म्हणजे व्यासांचा विरक्त मुलगा, जन्मतःच ज्ञानी, एवढें आपल्या घरोघरीं ठाऊक असतें. पण त्या कथेच्या मधोमध वाऱ्यावर जो एक अद्भुत अध्याय आहे, तो वाचणारे लोक ‘हें कांहीं तरी भुवनकोशाचें वर्णन दिसतें’ असें म्हणून पानें उलटतात. मीही पुष्कळ वर्षे उलटलीं. तो अध्याय वगळला तर पुढची ताटातूट नुसती वैराग्याची गोष्ट होऊन बसते. तो वाचला म्हणजे मग ती एका बापाची गोष्ट होते.

प्रथम मागची थोडी हकीकत सांगितली पाहिजे. व्यासांनीं मेरुपर्वताच्या शिखरावर, कर्णिकारांच्या वनांत, शंकराला उद्देशून तप केलें. शंभर वर्षे त्यांचा आहार काय, तर नुसता वारा. आणि मागितलें काय, तर अग्नि, भूमि, जल, वायु आणि आकाश यांच्या तोडीचें सामर्थ्य असलेला पुत्र. वर मिळाला, अरणीच्या मंथनांतून शुक जन्मला, वाढला, शिकला. पुढें मोक्षधर्म शिकण्यासाठीं व्यासांनीं त्याला मिथिलेला जनकाकडे धाडलें. त्या वेळीं त्यांनीं एक विलक्षण अट घातली. ‘तुला आकाशांतून जाण्याचें सामर्थ्य आहे हें मला ठाऊक आहे, पण तूं तसा जाऊं नकोस, माणसांच्या वाटेनें पायीं जा.’ शुक बापाचा शब्द मानून डोंगर, नद्या, देश तुडवीत मेरूपासून मिथिलेपर्यंत चालत गेला व परत आला. वाऱ्यासारखा मुलगा मागून घेतलेल्या बापानें त्याला जमिनीवरून चालावयास लावावें, हें प्रथम वाचतांना माझ्या ध्यानांत आलें नव्हतें.

शुक परतला तेव्हां हिमालयावरील आश्रमांत सुमंतु, जैमिनि, पैल व वैशंपायन हे चार शिष्य व्यासांपाशीं होते. त्यांनीं गुरूजवळ एक वर मागितला तोही ऐकण्याजोगा आहे. ‘आम्हीं चौघे आणि पांचवा हा गुरुपुत्र, सहावा कोणी शिष्य आपल्या नांवानें प्रसिद्धीस येऊं नये!’ मोठ्या मोठ्या ऋषींनाही विद्यार्थिदशेंत असल्या गोष्टी सुचतात, हें पाहून शिक्षकाच्या जिवाला बरें वाटतें. असो. मग चौघेही गुरूची अनुज्ञा घेऊन वेदांचा प्रसार करण्याकरितां खालीं उतरून गेले, आणि आश्रमांत बाप व लेक दोघेच उरले. व्यास एकांतांत नुसते स्वस्थ बसून राहूं लागले.

अशा वेळीं नारद आले. ‘वेदघोष बंद पडल्यापासून या पर्वताची शोभाच गेली आहे, असे मुकाट कां बसलांत?’ व्यास म्हणाले, ‘शिष्य गेले, मन रमत नाहीं.’ नारदांनीं त्यांस सुनावलें कीं, पठण न करणें हा वेदांचा मळ होय. आतां मुलाला बरोबर घेऊन म्हणा. त्याच श्लोकांत मळांची आणखी एक यादी आहे, आणि तिच्या शेवटीं ‘कुतूहल हा स्त्रियांचा मळ’ असेंही ठेवून दिलेलें आहे. हा भाग मीं घरांत मोठ्यानें वाचीत असतां आमच्या मंडळी पलीकडे भाजी निवडीत होत्या. त्यांनीं कांहीं एक उत्तर केलें नाहीं; पण पुढचे सात-आठ श्लोक झाल्यावर ‘थांबा, तें पुन्हां वाचा’ म्हणाल्या. कारण तेथें व्यासांनीं पाठ थांबवितांच शुकाची जी स्थिति झाली ती ग्रंथकारानें ‘कुतूहल’ याच शब्दानें सांगितली आहे! त्या कुतूहलावांचून पुढचे सात वारे आपल्यापर्यंत पोहोंचलेच नसते. मीं पोथी मिटून ठेवली.

तर बाप आणि लेक उच्च स्वरानें म्हणूं लागले. तीन लोक त्या ध्वनीनें भरून गेले. आणि मग समुद्राकडून एकाएकीं असा प्रचंड वारा आला कीं पर्वत हादरला. व्यासांनीं ‘अनध्याय’ म्हणून मुलाला थांबविलें. येथवर सगळें आमच्या पाठशाळेसारखेंच झालें. पण शुकानें विचारलें, ‘हा वारा कोठून आला? वाऱ्याचें सर्व चेष्टित मला सांगावें.’ व्यासांना मोठा विस्मय वाटला असें भीष्म सांगतात. पूर्वीं कोणा शिष्यानें हें विचारलें नसावें.

व्यासांनीं सांगितलें कीं, पृथ्वीवर व अंतरिक्षांत वायूचे सात मार्ग आहेत. पहिल्या मार्गावरचा तो प्रवह. धूर आणि उष्मा यांपासून झालेल्या मेघांना हा पुढें ढकलतो. दुसरा आवह, हा विजेसह गर्जत येतो. तिसरा उद्वह, हा चारी समुद्रांचें पाणी वर उचलून मेघांच्या स्वाधीन करतो व चंद्रादि ज्योतींना उदयास आणतो. चौथा संवह, यानें वेगवेगळे नेलेले ढग पुढें एकत्र होऊन वर्षावाला सिद्ध होतात, आणि देवांचीं विमानेंही हाच वाहून नेतो. पांचवा विवह, हा रुक्ष आणि भयंकर. झाडें मोडणारा, उत्पात घडविणारा. सहाव्याचें नांव परिवह. येथें वर्णन एकदम शांत होतें. याच्या आधारानें आकाशगंगेचें पुण्य जल खालीं न सांडतां अंतराळांत तोलून राहिलें आहे, आणि हजार किरणांचा सूर्य दुरून एकाच किरणाचा असल्यासारखा भासतो तोही याच्याचमुळें.

सातवा परावह. देह सुटण्याच्या समयीं सर्व प्राणिमात्रांचे प्राण हा ओढून घेतो. मृत्यु आणि यम हे दोघेही याच्या मागून चालणारे. याच्या तडाख्यांत जो सांपडला तो जातो, परत येत नाहीं. पण त्यांतच व्यासांनीं आणखी एक गोष्ट सांगून टाकली आहे. जे अध्यात्मांत रत झाले, ज्यांची बुद्धि शांत झाली, ध्यानांत जे रमले, त्यांना हाच वारा अमृतत्वाला नेतो. इतरांना जो मृत्यु तोच त्यांना मोक्ष. मात्र परत येणें दोघांनाही नाहीं. हें वाक्य व्यास कोणासमोर बोलत होते! मिथिलेहून नुकत्याच परतलेल्या, बुद्धि शांत झालेल्या, ध्यानांत रमलेल्या आपल्या एकुलत्या एका मुलासमोर. शिकविण्याच्या भरांत शिक्षक समोर कोण बसलें आहे हें विसरतो, असें मला अनुभवानें ठाऊक आहे.

या सात वाऱ्यांचा पुढें मोठा संसार झाला. कोणीं आवहाला पहिला धरला, कोणीं नांवें थोडीं बदललीं. ज्योतिष्यांनीं तर प्रवहाला मेघांच्या कामावरून काढून नक्षत्रचक्र फिरविण्याच्या कामावर नेमलें. आर्यभटानें आपल्या ग्रंथांत (शके ४२१) एका आर्येंत नावेंत बसून जाणाऱ्याला काठावरचीं झाडें मागें जातांना दिसतात हा दृष्टांत देऊन फिरते ती पृथ्वी असें सुचविलें, आणि लगेच पुढच्याच आर्येंत प्रवह वायूनें ढकललेलें नक्षत्रांचें पंजर फिरतें असेंही लिहिलें! टीकाकारांना त्यानें पिढ्यान् पिढ्या पुरेल इतकें काम देऊन ठेवलें. सूर्यसिद्धांतांत ग्रहांना वाऱ्याच्या अदृश्य दोऱ्यांनीं बांधून ओढणाऱ्या शक्ति आहेत. आपल्या सह्याद्रीच्या आश्रयाचे भास्कराचार्य, ज्यांच्या नातवानें चाळीसगांवाजवळ पाटण येथें त्यांच्या ग्रंथांच्या अध्ययनार्थ मठ स्थापिला, त्यांनीं सिद्धांतशिरोमणींत (शके १०७२) भूमीभोंवतालीं १२ योजनेंपर्यंत निराळा भूवायु मानिला, मेघ व विजा त्याच्या हवालीं केल्या, आणि प्रवहादि वारे त्याच्या बाहेर ठेवले.

अलीकडे कांहीं उत्साही मंडळी असें प्रतिपादितात कीं, विमानांना ज्यांचा लाभ वा त्रास होतो ते उंचावरील वायुझोत व्यासांना ठाऊक होते. संवह विमानें वाहून नेतो हें त्यास प्रमाण. हें मला रुचत नाहीं. उंचावरच्या त्या झोताचा पत्ता वासाबुरो ओइशी या जपानी गृहस्थानें १९२४ सालीं फुगे सोडून व दुर्बिणींतून त्यांचा माग काढून लाविला, आणि सर्व जगाला कळावें म्हणून १९२६ सालीं तो वृत्तांत एस्परांतो भाषेंत छापला. त्यामुळें तो जवळजवळ कोणींच वाचला नाहीं. पावसाळ्यांत आपल्या डोक्यावर खालीं नैर्ऋत्येचा ओला वारा वाहात असतो, आणि १४-१५ किलोमीटर उंचीवर बहुतेक उलट दिशेनें पूर्वेचा झोत वाहात असतो, हें ज्ञानही असेंच मोजून मोजून मिळालेलें आहे. त्या श्रमांचें फळ मोजमाप न करणाऱ्या ऋषींच्या पदरीं बांधल्यानें ऋषि मोठे होत नाहींत. व्यासांचें काम निराळें होतें. त्यांना मुलाच्या प्रश्नाचें उत्तर द्यावयाचें होतें, आणि तो प्रश्न, पाठ कां थांबविला, हा होता.

तें उत्तर त्यांनीं सर्वांच्या शेवटीं दिलें. हा जो वारा सुटतो तो विष्णूचा निःश्वास होय. तो वेगानें निघाला कीं जगाला पीडा होते. आणि म्हणावयाचा वेद तरी काय आहे? तोही मुखांतून निघणारा वायुच. वाऱ्याला वाऱ्याचें भय असतें. म्हणून एक श्वास मोठा झाला असतां दुसऱ्यानें गप्प राहावें. याच्या अगदीं उलट मत शतपथ ब्राह्मणांत आहे. तेथें म्हटलें आहे कीं वाऱ्याचें वाहणें, विजेचें चमकणें, मेघांचें गर्जणें हे ब्रह्मयज्ञाचे वषट्कार होत, ते फुकट जाऊं नयेत म्हणून अशा वेळीं अवश्य म्हणावें! सूत्रकारांना या दोन्ही मतांचा मेळ घालण्याची खटपट करावी लागली. आमच्या गुरुजींना शतपथाचें हें वचन ठाऊक असलें पाहिजे. त्यांनीं तें आमच्यापासून लपवून ठेवलें, याबद्दल मी त्यांचा ऋणी आहें.

इतकें सांगून व्यास ‘आतां अध्ययन कर’ असें मुलाला म्हणाले व आकाशगंगेवर निघून गेले.

त्या आकाशगंगेचा वारा कालिदासालाही ठाऊक होता. शाकुंतलाच्या सातव्या अंकांत दुष्यंत इंद्राच्या रथांतून स्वर्गाहून खालीं येत असतां मातलीला विचारतो कीं, आपण आतां कोणत्या वायूच्या मार्गावर आहोंत? मातलि सांगतो, परिवहाच्या. थोड्या वेळानें रथ मेघांच्या वाटेवर उतरतो, चाकांच्या आऱ्यांमधून चातक पक्षी भरारा निघूं लागतात, चाकें तुषारांनीं भिजतात. वाऱ्याच्या वाटेनें उतरतां उतरतां त्या राजाला मारीचाच्या आश्रमांत सिंहाच्या छाव्याचे दांत मोजूं पाहणारें एक मूल भेटतें, तें त्याचेंच. कालिदासाच्या हातीं वाऱ्याची वाट बापाला मुलाकडे घेऊन येते. व्यासांच्या नशिबीं तसें नव्हतें.

कारण व्यास गेल्यानंतर शुक एकटा अध्ययन करीत असतां नारद पुन्हां आले, आणि त्यांनीं त्याला जो उपदेश केला त्यानें शुकाचा निश्चय झाला. चंद्र क्षीण होतो व पुन्हां भरतो, तिकडे जावयाचें नाहीं. सूर्य अक्षय आहे. तेव्हां ‘मी वायुरूप होऊन सूर्याच्या तेजांत प्रवेश करीन.’ वायुरूप! बापानें नुकताच शिकविलेला पाठ मुलानें असा उतरवून घेतला. तो बापाकडे गेला, त्यानें प्रदक्षिणा घातली, अनुज्ञा मागितली. वेदांचे विभाग करणारे, भारत रचणारे, परावहाचा नियम स्वतः सांगणारे ते भगवान् व्यास यावर काय म्हणाले? ते म्हणाले, ‘बाळ, आजचा दिवस तरी राहा, तुला डोळे भरून पाहूं दे.’

माझा धाकटा मुलगा नोकरीनिमित्त परदेशीं निघाला, त्या दिवशीं विमानाची वेळ ठरलेली, सामान दाराशीं आलेलें, आणि त्याची आई त्याला म्हणाली, ‘आजचा दिवस राहिला असतास तर?’ राहतां येणार नाहीं हें तिला चांगलें कळत होतें. मी त्या वेळीं पंचांग पाहण्याचें निमित्त करून आंत गेलों होतों. त्यानंतर कित्येक दिवसांनीं शांतिपर्वाचें तें पान पुन्हां माझ्या हातीं आलें.

शुक राहिला नाहीं. ग्रंथांत त्याला निःस्नेह, निरपेक्ष अशीं विशेषणें लाविलीं आहेत. तो कैलासाच्या पाठीवरून उडाला, वाऱ्यासारखा अंतरिक्षांत गेला. हिमालय आणि मेरु यांचीं दोन शिखरें, एक रुप्याचें व एक सोन्याचें, एकमेकांना भिडून उभीं होतीं, तीं दुभंगून आरपार गेला. पण त्यापूर्वीं त्यानें एक गोष्ट केली. झाडें, डोंगर, नद्या, दिशा यांना त्यानें हात जोडून सांगितलें, ‘माझा बाप जर शुका, शुका, अशी हांक मारीत माझ्या मागून आला, तर तुम्ही सर्वांनीं मिळून त्याला ओ द्या. माझ्यावरील स्नेहास्तव एवढें करा.’ ज्याला ग्रंथकार निःस्नेह म्हणतो, त्याच्याच तोंडीं हा स्नेह शब्द त्यानें घातला आहे. तो चुकून पडला असें मला वाटत नाहीं.

व्यास मागून धांवले. तीं दुभंगलेलीं शिखरें त्यांनीं पाहिलीं. त्यांनीं लांब स्वर काढून ‘शुका!’ अशी हांक मारली, आणि सर्व चराचरांतून ‘भोः’ असें उत्तर आलें. डोंगरांच्या गुहांतून आणि कड्यांवरून मनुष्याचा शब्द परत येतो, तो त्या दिवसापासून, असें भीष्म सांगतात. प्रतिध्वनीची याहून सुंदर उपपत्ति मला ठाऊक नाहीं. शास्त्रीय उपपत्ति मीं वर्गांत इतके वर्षे शिकविली, तिच्याशीं हिचें भांडण लावण्याचें प्रयोजन दिसत नाहीं.

मग मंदाकिनीच्या तीरावरील अप्सरांचा तो प्रसंग येतो. तरुण शुक जवळून गेला असतां ज्या निःसंकोच राहिल्या, त्या वृद्ध व्यासांना पाहून लाजल्या. व्यासांना मुलाच्या मुक्तीचा आनंद झाला आणि स्वतःची लाजही वाटली. शेवटीं शंकर येऊन त्यांचें सांत्वन करतात, पण तें सांत्वन थोडें कठोर आहे. ‘पंचभूतांच्या सामर्थ्याचा पुत्र तूंच ना मागितलास? तसाच तो झाला. मग शोक कसला?’ आणि मग, बापाचें तोंड पाहून कीं काय, ते आणखी एक वर देतात. मुलासारखी दिसणारी एक छाया व्यासांना या लोकीं नित्य जवळ दिसत राहील. ती छाया पाहात व्यास मोठ्या आनंदानें आश्रमास परतले, असें तेथें लिहिलें आहे. पूर्वीं या ठिकाणीं मला शंका येत असे कीं छायेनें बापाचें समाधान कसें व्हावें. हल्लीं दर रविवारीं सायंकाळीं मोबाइलच्या पडद्यावर आमच्या घरींही एक छाया येते, दहा-पंधरा मिनिटें बोलते आणि जाते. आणि त्या दिवशीं स्वयंपाकघरांत एखादा पदार्थ अधिक होतो. तेव्हांपासून ती शंका मीं सोडून दिली आहे.

नोकरीच्या शेवटच्या वर्षीं मुलांना घेऊन घाटमाथ्यावर सहलीला गेलों होतों. समोर काळा कडा होता, वारा पडला होता. मुलें आपापलीं नांवें घेऊन ओरडत होतीं. त्यांना बसवून मीं ही कथा सांगितली. मग सर्वांनीं एकदम ‘शुका’ म्हणून हांक मारली, व कड्यानें ती परत दिली. एक लहानगा तेवढा ओरडला नव्हता. त्यानें मला विचारलें, ‘गुरुजी, मग व्यासांनीं पुन्हां हांक मारली का?’

मीं त्याला पोथींत आहे तेवढें सांगितलें. ते मुलाचें चिंतन करीत तेथेंच डोंगरावर बसले.